कवटीला गवती टोपी : कार्टूनमधल्या चाच्यांचा झेंडा खऱ्या आंदोलनांत कसा पोचला?

ऑगस्ट २०२५. इंडोनेशियाच्या स्वातंत्र्याला १७ तारखेला ८० वर्षं पूर्ण होणार होती. राष्ट्राध्यक्ष प्रबोवो सुबिआंतो यांनी लोकांना आवाहन केलं की, घराघरावर लाल-पांढरा राष्ट्रध्वज लावा. लोकांनी लावलाही. पण काही घरांवर, ट्रकवर आणि गाड्यांवर त्याच्या सोबतीला आणखी एक झेंडा दिसायला लागला. काळं कापड, त्यावर दात काढून हसणारी कवटी, मागे दोन हाडं आणि कवटीच्या डोक्यावर लाल पट्टीची गवती टोपी.

ज्यांनी 'वन पीस' बघितलंय, त्यांनी तो झेंडा लगेच ओळखला. ज्यांनी नाही बघितलं, त्यात इंडोनेशियाचे काही मंत्री आणि खासदारही असावेत, त्यांना प्रश्न पडला की हे काय नवीन?

पुढच्या तीन महिन्यांत हाच झेंडा काठमांडूत दिसला, मनिलात दिसला, मादागास्करची राजधानी अंतानानारिव्होत दिसला, पुढे मेक्सिको सिटीतही दिसला. यातल्या दोन देशांत तर सत्ताधारी खुर्चीवरून गेले. या सगळ्यात माणसं मेली. त्यामुळे 'पोरांचं कार्टूनचं वेड' म्हणून हा विषय सोडून देता येत नाही. एका काल्पनिक जगातलं बंडाचं तत्त्वज्ञान खऱ्या रस्त्यावर का उतरलं, ते कुठे कामाला आलं आणि कुठे अपुरं पडलं, हे नीट समजून घेऊया.

(पुढे 'वन पीस'च्या गोष्टीतले काही प्रसंग आहेत. स्पॉयलर नको असतील, तर आधी ते हजारावर एपिसोड बघून या. आम्ही थांबतो.)

'वन पीस' आहे तरी काय?

ही जपानी चित्रकथा, म्हणजे मांगा. एइचिरो ओडा यांनी ती जुलै १९९७ मध्ये 'वीकली शोनेन जंप' या साप्ताहिकात सुरू केली. १९९९ पासून तिची ॲनिमे मालिका सुरू आहे. पुस्तकरूपात ११० च्या वर खंड आलेत आणि जगभरात ५० कोटींहून जास्त प्रती छापल्या गेल्यात. २०२३ मध्ये नेटफ्लिक्सने खऱ्या माणसांना घेऊन मालिका काढली, तेव्हा ॲनिमे न बघणाऱ्यांच्या घरातही ही गोष्ट पोचली.

गोष्ट सांगायला सोपी आहे. मंकी डी. लुफी नावाच्या पोराला चाच्यांचा राजा व्हायचंय. त्याच्या डोक्यावर कायम गवती टोपी असते. तो एक होडी घेऊन निघतो, वाटेत साथीदार जमवतो आणि 'वन पीस' नावाचा खजिना शोधत बेटामागून बेटं पालथी घालतो. बहुतेक प्रत्येक बेटावर कुणीतरी लोकांच्या मानगुटीवर बसलेलं असतं. कधी खंडणी घेणारा गुंड, कधी राज्य बळकावलेला चाचा, कधी स्वतः सरकारच. लुफी त्याला झोडपतो, लोकांबरोबर दणकून जेवतो आणि पुढच्या बेटाकडे निघतो.

लहानपणी बघताना ही निव्वळ मारामारीची गोष्ट वाटते. मोठेपणी बघताना तिच्यातलं राजकारण दिसायला लागतं.

या जगातली सत्ता कशी चालते?

'वन पीस'च्या जगावर 'वर्ल्ड गव्हर्नमेंट' नावाचं सरकार राज्य करतं. ८०० वर्षांपूर्वी २० राजांनी एकत्र येऊन ते उभारलं. त्या राजांचे बहुतेक वंशज आज 'सेलेस्टियल ड्रॅगन्स' म्हणून ओळखले जातात. सामान्य माणसाने सोडलेली हवा आपल्या नाकात जाऊ नये म्हणून हे लोक डोक्यावर काचेसारखा गोल फुगा घालून फिरतात. गुलाम विकत घेतात. त्यांना कुणी हात लावला, तर नौदलाचा ॲडमिरल लढाऊ जहाजं घेऊन हजर होतो. सदस्य देशांनी त्यांच्यासाठी वर्गणी भरायची. ज्याला परवडत नाही, त्याच्या डोक्यावरचं संरक्षण गेलं.

ओडा यांनी ही सत्ता चार खांबांवर उभी केलीय.

पहिला खांब इतिहासावरचा ताबा. या जगाच्या इतिहासातली १०० वर्षं गायब आहेत. त्या 'रिक्त शतका'चा अभ्यास करणं हाच गुन्हा आहे. ओहारा नावाच्या बेटावरचे अभ्यासक तो अभ्यास करत होते, तर सरकारने अख्खं बेट तोफांनी जाळून टाकलं. तिथून वाचलेली आठ वर्षांची मुलगी, निको रॉबिन. सरकारने तिच्या डोक्यावर ७ कोटी ९० लाखांचं इनाम लावलं. तिचा गुन्हा एवढाच की तिला जुनी लिपी वाचता येत होती.

दुसरा खांब म्हणजे गुन्हेगार कोण हे ठरवण्याचा हक्क. सरकार 'वॉन्टेड'ची पोस्टर काढतं आणि त्यावर इनामाचा आकडा छापतं. जो सरकारला जास्त धोकादायक, त्याचा आकडा मोठा. त्याने लोकांचं किती वाईट केलं, याच्याशी आकड्याचा फारसा संबंध नाही.

तिसरा खांब, वरच्यांना सगळं माफ. आणि चौथा खांब भीती. एकाला असं चिरडायचं की दहा बेटं गप्प बसतील.

आता आपल्या आसपासच्या कुठल्याही देशातल्या विशीतल्या पोराला विचारा, यातलं ओळखीचं काय वाटतं? काचेचा फुगा तेवढा सोडला, तर बाकी समजावून सांगावं लागत नाही.

मग लुफीचं म्हणणं काय?

गंमत अशी की लुफी स्वतःला क्रांतिकारक समजत नाही. त्याचे वडील, मंकी डी. ड्रॅगन, खरोखरच क्रांतिसेनेचे प्रमुख आहेत. त्यांच्याकडे संघटना आहे, योजना आहे, शिस्त आहे. लुफीकडे यातलं काही नाही. त्याला तर नायकही व्हायचं नाही. त्याचा हिशेब साधा आहे : नायक असला की त्याला आपलं मटण सगळ्यांना वाटावं लागतं, आणि लुफीला ते स्वतः खायचंय.

चाच्यांचा राजा म्हणजे त्याच्या मते समुद्रावरचा सगळ्यात मोकळा माणूस. त्याला कुणावर राज्य करायचं नाही आणि स्वतःवर कुणाचं राज्य चालवून घ्यायचं नाही. सोबत चालणाऱ्याच्या स्वप्नाआड कुणी आलं, तर मात्र समोर कोण आहे हे तो बघत नाही. निको रॉबिनला सरकार पकडून नेतं, तेव्हा तो सरकारचा झेंडाच जाळायला सांगतो. ज्या झेंड्याखाली दीडशेहून जास्त देश आहेत, तो एका मैत्रिणीसाठी जाळणं म्हणजे जगाशी युद्ध पुकारणं. सबाओडी बेटावर एक सेलेस्टियल ड्रॅगन लुफीच्या ओळखीच्या माणसावर गोळी झाडतो. परिणाम काय होणार हे सगळ्यांना माहीत असताना लुफी त्याच्या तोंडावर ठोसा मारतो. जगभरच्या चाहत्यांच्या आवडीच्या प्रसंगांत हा ठोसा हमखास असतो.

दुसरी कल्पना वारशाची. माणूस मेला तरी त्याची इच्छा पुढच्या पिढीकडे जाते, असं ही गोष्ट पुन्हा पुन्हा सांगते. लुफीची टोपीही त्याची स्वतःची नाही. ती एकाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून त्याच्याकडे आलीय. म्हणून झेंड्यावरची ती टोपी 'मी अमुक नेत्याचा' असं सांगत नाही. 'हे माझ्या आधीपासून चालू आहे' एवढंच सांगते.

चाचा कोण, हे ठरवतं कोण?

मराठी माणसाला हा मुद्दा कळायला जपानी कार्टूनची गरज नाही. मराठ्यांच्या आरमाराचे सरखेल कान्होजी आंग्रे यांना ईस्ट इंडिया कंपनीच्या कागदपत्रांत 'पायरेट' म्हटलंय. कोकणच्या किनाऱ्यावरून जायचं तर आमचा परवाना घ्या, असं ते म्हणत होते. कंपनीच्या लेखी ही चाचेगिरी होती, मराठ्यांच्या लेखी आपल्या समुद्रावरचा हक्क. आज मुंबईतल्या नौदलाच्या तळाचं नाव 'आयएनएस आंग्रे' आहे. माणूस तोच, कागद लिहिणारा बदलला.

'वन पीस' नेमकं याच दुखण्यावर बोट ठेवतं. 'चाचा' ही सरकारने दिलेली पदवी आहे. या गोष्टीत चाच्यांमध्येही नीच माणसं आहेत आणि नौदलातही सज्जन आहेत. लुफीचा आजोबाच नौदलात व्हाइस ॲडमिरल आहे. त्यामुळे गणवेश बघून माणूस ओळखता येत नाही. ज्या तरुणाला स्वतःचं सरकार 'देशविरोधी' किंवा 'भरकटलेला' म्हणतं, त्याला ही गोष्ट का भिडते हे यातून कळतं.

इंडोनेशियात झेंड्याचा एवढा धसका का घेतला?

आधी पार्श्वभूमी. इंडोनेशियात 'वन पीस'चे चाहते प्रचंड आहेत. २०२५ च्या फेब्रुवारीतच सरकारी खर्चकपातीविरोधात 'अंधारलेला इंडोनेशिया' अशा नावाने विद्यार्थी रस्त्यावर आले होते. जास्त माल भरणाऱ्या ट्रकवरच्या निर्बंधांमुळे ट्रकचालकही चिडलेले होते. सुरुवातीला हा झेंडा मिरवण्यात ट्रकवाले पुढे होते, नंतर तो घरोघरी गेला.

संसदेचे उपसभापती सुफमी दास्को अहमद यांना यात देशात फूट पाडण्याचा प्रयत्न दिसला. मंत्री बुदी गुनावान यांनी कायदेशीर कारवाईचा इशारा दिला. कायद्याचा आधार होता २००९ चा : राष्ट्रध्वज इतर कुठल्याही झेंड्याच्या खाली असता कामा नये. हा नियम आपल्यालाही ओळखीचा आहे. भारताच्या ध्वजसंहितेतही राष्ट्रध्वजाच्या वर किंवा बरोबरीने दुसरा झेंडा लावता येत नाही. पण इंडोनेशियातले बरेच लोक चाच्यांचा झेंडा राष्ट्रध्वजाच्या खालीच लावत होते. कायदा पाळून नाराजी दाखवत होते.

ॲम्नेस्टी इंटरनॅशनलने सरकारवर टीका केली. मग राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयाकडून सारवासारव झाली की, लोकांनी कल्पकता दाखवायला हरकत नाही, फक्त राष्ट्रध्वजाशी बरोबरी नको. पण तोवर व्हायचं ते झालं होतं. मंत्र्यांनी इशारा दिला आणि झेंड्याची मागणी वाढली. विचार करा : ज्या गोष्टीत सरकार टोपी घातलेल्या कवटीला घाबरतं, ती गोष्ट खऱ्या सरकारने हुबेहूब वठवून दाखवली. झेंडा लावणाऱ्यांना जे सांगायचं होतं, ते मंत्र्यांनीच सांगून टाकलं.

महिन्याच्या शेवटी प्रकरण झेंड्याच्या फार पुढे गेलं. संसदेच्या ५८० सदस्यांना घरभाड्यापोटी महिन्याला ५ कोटी रुपिया मिळतात, हे लोकांना कळलं. भारतीय रुपयांत अडीच लाखांच्या वर. जकार्तातल्या किमान वेतनाच्या ही रक्कम नऊ ते दहा पट होती. २५ ऑगस्टला आंदोलन सुरू झालं. २८ ऑगस्टला पोलिसांच्या चिलखती गाडीने २१ वर्षांच्या एका मोटारसायकल टॅक्सीचालकाला चिरडलं. त्यानंतर देश पेटला, आणखी बळी गेले. शेवटी खासदारांचा तो भत्ता रद्द झाला.

नेपाळ आणि मादागास्कर : झेंडा सीमा ओलांडतो

४ सप्टेंबर २०२५ ला नेपाळ सरकारने फेसबुक, यूट्यूब, एक्स यांच्यासह २६ ॲप आणि साइटवर बंदी घातली. नेत्यांच्या मुलांची चैन दाखवणारे 'नेपो किड्स'चे व्हिडिओ त्याआधीपासून फिरत होते. ८ सप्टेंबरला तरुण रस्त्यावर आले. पोलिसांनी गोळीबार केला आणि त्या एका दिवसात १९ जण मारले गेले. दुसऱ्या दिवशी पंतप्रधान के. पी. शर्मा ओली यांनी राजीनामा दिला. संसद, सर्वोच्च न्यायालय आणि सरकारचं मुख्यालय असलेलं सिंहदरबार जळालं. सिंहदरबारच्या फाटकावर अडकवलेला गवती टोपीचा झेंडा आणि मागे धूर, हा फोटो जगभर गेला. एकूण मृतांचा आकडा सत्तरच्या पुढे पोचला.

मग 'डिस्कॉर्ड' या गेमर मंडळींच्या ॲपवर हजारो तरुणांनी पुढे कोण यावर चर्चा केली, मतं टाकली. १२ सप्टेंबरला माजी सरन्यायाधीश सुशीला कार्की हंगामी पंतप्रधान झाल्या आणि निवडणुकीसाठी ५ मार्च २०२६ ही तारीख ठरली.

मादागास्करमध्ये ठिणगी आणखी साधी होती. नळाला पाणी नाही आणि घरात वीज नाही. २५ सप्टेंबरला तरुण राजधानीत उतरले. त्यांनी झेंड्यात छोटा पण अर्थपूर्ण बदल केला : गवती टोपीच्या जागी तिथल्या बेत्सिलेओ समाजाची 'सात्रोका' ही पारंपरिक टोपी काढली. म्हणजे जपानी कवटीला मलागासी टोपी. संयुक्त राष्ट्रांच्या माहितीनुसार सुरुवातीच्या दिवसांतच किमान २२ जण मेले. ऑक्टोबरच्या मध्यात 'कॅपसॅट' ही लष्करी तुकडी आंदोलकांच्या बाजूने गेली, राष्ट्राध्यक्ष आंद्री राजोएलिना देश सोडून पळाले आणि १७ ऑक्टोबरला कर्नल मायकेल रँड्रियानिरिना यांनी राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली.

हे पहिल्यांदाच घडतंय का?

नाही. २०१४ मध्ये थायलंडमध्ये लष्कराने सत्ता घेतली, तेव्हा लोकांनी 'द हंगर गेम्स' या कादंबऱ्या-सिनेमांतला तीन बोटांचा सलाम उचलला. लष्कराने सलाम करणाऱ्यांना ताब्यात घेतलं. २०२० मध्ये शाळकरी मुलं राष्ट्रगीताच्या वेळी तीन बोटं वर करायला लागली. २०२१ च्या लष्करी उठावानंतर म्यानमारमध्ये तोच सलाम पोचला, इतका की त्या देशाच्या राजदूतांनी संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत भाषणानंतर तीन बोटं वर केली.

त्याआधी 'व्ही फॉर व्हेंडेटा'मधला गाय फॉक्सचा मुखवटा होता. २०११ च्या 'ऑक्युपाय वॉल स्ट्रीट' आंदोलनात तो सगळीकडे दिसला. त्यातला विनोद असा की मुखवट्याचे हक्क एका बड्या सिनेकंपनीकडे होते. भांडवलशाहीविरोधात घातलेल्या प्रत्येक अधिकृत मुखवट्यामागे कंपनीच्या खात्यात पैसे जमा होत होते.

आपल्याच इतिहासातली चिन्हं का नकोत?

याला तीन कारणं दिसतात.

एक, जुन्या चिन्हांवर आधीच कुणीतरी मालकी सांगितलेली असते. प्रत्येक रंग, प्रत्येक महापुरुष कुठल्या ना कुठल्या पक्षाच्या बॅनरवर आहे. नेपाळच्या तरुणांचा राग सगळ्याच मोठ्या पक्षांवर होता, मग झेंडा कुणाचा घ्यायचा? कार्टूनमधल्या कवटीला तिकीट द्यायचं नसतं आणि तिचा पुतण्याही निवडणुकीला उभा राहत नाही.

दोन, कायद्यातली पळवाट. पक्षाचा झेंडा किंवा बंदी घातलेली घोषणा असेल तर पोलिसांना कारवाई करणं सोपं. कार्टूनच्या झेंड्यावर कारवाई केली की पोलीसच हास्यास्पद दिसतात. नाही केली, तर झेंडा वाढतो. दोन्ही बाजूंनी सरकार अडकतं.

तीन, समान भाषा. जकार्ता, काठमांडू आणि अंतानानारिव्हो इथल्या पोरांची भाषा, धर्म, इतिहास वेगळा. पण तिघांनी मोबाइलवर तीच मालिका बघितलीय. काठमांडूतला एक फोटो मादागास्करमधल्या मुलाला सबटायटलशिवाय कळतो.

पण हा झेंडा कुणीही उचलू शकतो

इथूनच अडचणीही सुरू होतात. १५ नोव्हेंबर २०२५ ला मेक्सिको सिटीत 'जेन झी'च्या नावाने मोर्चा निघाला. निमित्त होतं उरुआपान शहराच्या महापौरांच्या हत्येचं. गवती टोपीचे झेंडे तिथेही होते. पण मोर्चात मोठ्या वयाची आणि विरोधी पक्षांची मंडळीही बरीच होती. राष्ट्राध्यक्ष क्लॉडिया शेनबॉम म्हणाल्या की, हा मोर्चा उजव्या गटांनी बॉट वापरून फुगवलाय. मोर्चातल्या अनेकांचा राग खरा होता, हेही तितकंच खरं.

मुद्दा असा की, ज्या झेंड्याचा कुणी मालक नाही, त्याचा कुणी राखणदारही नाही. आज तो भ्रष्टाचाराविरोधात आहे, उद्या एखाद्या पक्षाचा आयटी सेलही तो छापून वाटू शकतो. कवटी हसतच राहील.

बेटावर मागे राहिलेल्यांचं काय?

सगळ्यात मोठा प्रश्न हा आहे, आणि त्याचं उत्तर 'वन पीस'मध्ये नाही.

गोष्टीत जुलमी राजा पडल्यावर काय होतं ते बघा. ड्रेसरोसामध्ये डोफ्लॅमिंगो हरतो, मग जुना सज्जन राजा परत येतो. वानोमध्ये काइडो आणि ओरोची जातात, मग जुन्या घराण्याचा वारस गादीवर बसतो. अलबास्तामध्ये कट उधळला जातो आणि चांगला राजा आपल्या जागी राहतो. म्हणजे ज्या कथेला आपण सत्ताविरोधी म्हणतो, तिच्यात वाईट राजावरचा उपाय बहुतेक वेळा चांगला राजा हाच आहे. आणि लुफी? तो जेवून पुढच्या बेटाकडे निघालेला असतो.

खऱ्या देशात चांगला राजा पडद्यामागे वाट बघत उभा नसतो आणि कुणालाच पुढच्या बेटावर जाता येत नाही. मादागास्करचंच घ्या. २०२५ मध्ये पळून गेलेले राजोएलिना २००९ मध्ये स्वतः अशाच आंदोलनाच्या लाटेवर सत्तेत आले होते. तेव्हा ते ३४ वर्षांचे होते, राजधानीचे महापौर राहिलेले, त्याआधी डीजे. आणि तेव्हाही त्यांच्या पाठीशी उभी राहिलेली तुकडी 'कॅपसॅट'च होती. १६ वर्षांत चक्र फिरून तिथेच आलं. पाणी आणि वीज मागायला आलेल्या पोरांना सध्या तरी एक कर्नल मिळालाय.

हा प्रश्न दुसऱ्या एका काल्पनिक जगाने मात्र सरळ अंगावर घेतलाय. उर्सुला ले ग्विन यांची १९७४ ची 'द डिस्पझेस्ड' ही कादंबरी. ओडो नावाच्या एका बाईच्या विचारांवर चालणारे लोक आपला ग्रह सोडून ओसाड चंद्रावर जातात आणि सरकार, कायदा, मालमत्ता यांच्याशिवाय समाज उभारतात. लुफीचा प्रवास जिथे संपतो, तिथून ही गोष्ट सुरू होते. दीडेकशे वर्षांनी शेव्हेक नावाच्या शास्त्रज्ञाला जाणवतं की, इथे राजा नाही, पोलीस नाही, तरी माणूस मोकळा नाही. 'लोक काय म्हणतील' हीच सत्ता झालीय आणि समित्यांमध्ये बसलेल्यांनी कुणालाही न विचारता आपली दुकानं मांडलीत. ले ग्विन यांचं म्हणणं थोडक्यात असं की सत्ता एकदा पाडून संपत नाही, ती रोज थोडी थोडी पुन्हा तयार होते. त्यामुळे बंडही रोज थोडं थोडं करत राहावं लागतं. त्यात ठोसा नाही, तोफा नाहीत. बैठका आहेत, कंटाळा आहे, नियम वाचणं आहे. या विचाराचा झेंडा कुणी ट्रकवर लावत नाही, यात नवल नाही.

मग झेंड्याने केलं काय?

दोन टोकाची मतं ऐकू येतात. एक, कार्टूनमुळे सरकारं पडली. हे खरं नाही. सरकारं पडली ती पाणी, वीज, भत्ते, बंदी आणि गोळीबार यांच्यामुळे. झेंडा नसता तरी त्या १९ जणांच्या घरचा राग तेवढाच राहिला असता.

दुसरं मत, ही सगळी रील बनवणाऱ्या पोरांची हौस. हेही खरं नाही. एकटा चिडलेला माणूस घरात बसतो. समोरच्या ट्रकवर ओळखीचा झेंडा दिसला, तर त्याला कळतं की आपल्यासारखे आणखी आहेत. हुकूमशाही वळणाच्या सत्तेला नेमकं हेच नको असतं. तिचं अर्धं काम प्रत्येकाला आपण एकटेच आहोत असं वाटण्यावर चालतं. झेंड्याने तेवढी एक भिंत पाडली. एका कापडाच्या तुकड्याच्या मानाने हे काम लहान नाही.

पुढचं काम त्या कापडाचं नाहीच. नेपाळच्या तरुणांना हे लवकर कळलेलं दिसतं. सिंहदरबारच्या फाटकावर झेंडा अडकवल्यानंतर काही तासांतच ते डिस्कॉर्डवर हंगामी पंतप्रधान कोण, संसद बरखास्त करायची का, निवडणूक कधी घ्यायची, यावर रात्रभर वाद घालत बसले होते. ती चर्चा गोंधळाची होती, तिच्यात ट्रोल होते, आणि नेमका कोण कुणाच्या वतीने बोलतोय हेही स्पष्ट नव्हतं. पण लुफी जहाजात बसून निघून जातो त्या क्षणी हे लोक बेटावर थांबले होते.

पुढच्या वेळी कुठल्या देशाच्या बातमीत गवती टोपीची कवटी दिसली, तर फोटो शेअर करण्याआधी एवढं बघा : तिथल्या लोकांच्या घरात पाणी येतं का, त्यांच्यावर गोळी कुणी झाडली आणि महिन्याभराने त्या खुर्चीत कोण बसलंय. गोष्ट त्यात आहे. झेंडा हे फक्त तिचं मुखपृष्ठ.